दुपारच्या मालिकेचा दिग्दर्शक: एका वाक्यात संपणारे काम नव्हे

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीत अमेरिकेतल्या दुपारच्या मालिकांवर आलेला लेख आम्ही दोघांनी लक्षपूर्वक वाचला. इर्ना फिलिप्स आणि अ‍ॅग्नेस निक्सन या लेखिकांबद्दल मराठीत इतके सविस्तर क्वचितच छापून येते, त्याबद्दल आभार. दिग्दर्शकाला मात्र त्या लेखाने एका वाक्यात निकालात काढले आहे: तिथे दिग्दर्शक रोज बदलतो, म्हणजे त्याला फारसे काम नसणार, लिहून आले ते टिपून घ्यायचे. दिग्दर्शक रोज बदलतो हे खरे आहे. त्यावरून काढलेला निष्कर्ष चुकीचा आहे. मालिकांविषयी लिहिणाऱ्या आपल्याकडच्या मंडळींतही हा समज मुरलेला असल्यामुळे पत्र लांबले तरी छापावे, ही विनंती.

आधी कामाचा आकार पाहू. तासाभराच्या मालिकेत जाहिराती वगळता आज 37-38 मिनिटांचे नाट्य उरते. आठवड्याला पाच भाग, वर्षाला साधारण अडीचशे. रात्रीच्या मालिकांना असते तशी हंगामाची सुट्टी इथे नसते. एवढा माल एका माणसाच्याने निघणे अशक्य, म्हणून तीन ते पाच दिग्दर्शक आळीपाळीने काम करतात आणि प्रत्येकाच्या वाट्याला आठवड्याला एखाद-दुसरा भाग येतो. सोमवारचा भाग एकाने केला आणि मंगळवारचा दुसऱ्याने, तरी प्रेक्षकाला सांधा दिसता कामा नये. पात्राचा राग कालच्याच पट्टीत आज सुरू व्हायला हवा आणि तोही वेगळ्या दिग्दर्शकाच्या हाताखाली. तो सांधा जुळवायला दिग्दर्शकाजवळ साधन एकच, तयारी.

ही तयारी कागदावर होते. सत्तर-ऐंशी पानांची संहिता हातात पडली की दिग्दर्शक सेटचा नकाशा घेऊन बसतो. पाव इंच म्हणजे एक फूट, हे अमेरिकी स्टुडिओतले नेहमीचे प्रमाण. सोफा कुठे, दार कोणत्या बाजूला उघडते, जिना किती पुढे येतो, हे सगळे त्यावर असते. पेन्सिलीने तो नटांच्या हालचाली काढतो, मग कॅमेऱ्यांच्या जागा ठरवतो आणि त्यानंतर संहितेच्या समासात प्रत्येक शॉट लिहितो: क्रमांक, कोणता कॅमेरा, चौकट किती मोठी, कोणत्या शब्दावर कट, म्हणजे दुसऱ्या कॅमेऱ्याच्या चित्रावर उडी. 38 मिनिटे म्हणजे 2280 सेकंद. सरासरी सहा सेकंदांचा शॉट धरला तर एका भागाचे 380 शॉट होतात. स्टुडिओत पाऊल टाकण्याआधी ते सगळे कागदावर हवेत. मग प्रत्येक कॅमेरामनसाठी त्याच्या-त्याच्या शॉटचे कार्ड निघते. कॅमेरा 2 चालवणाऱ्याच्या कार्डावर फक्त कॅमेरा 2चे शॉट असतात आणि ते कॅमेऱ्यालाच अडकवलेले असते.

या कागदावर काय पणाला लागते ते एका साध्या प्रसंगावरून पाहू. दिवाणखाना आहे. उजवीकडे सोफ्यावर बाई बसली आहे. डावीकडच्या दारातून नवरा हातात पत्र घेऊन येतो, मधल्या टेबलाशी थांबतो आणि पत्र टेबलावर ठेवतो. ती उठते, त्याच्या जवळून पलीकडे जाते आणि पुढच्या डाव्या कोपऱ्यातल्या खुर्चीपाशी उभी राहून, त्याच्याकडे वळून बोलते. सेटला तीन भिंती असतात. चौथ्या बाजूला तीन कॅमेरे: डावीकडे 1, मध्ये 2, उजवीकडे 3. डावीकडून येणाऱ्या नवऱ्याचा चेहरा उजवीकडच्या 3ला दिसतो आणि उजवीकडे बसलेल्या बाईचा डावीकडच्या 1ला. दोघांच्या नजरा पडद्यावर एकमेकांना भिडतात त्या या फुलीमुळे. पण ती त्याला ओलांडून डावीकडे गेली त्या क्षणी सगळे फिरते. आता तिचा चेहरा 3कडे आणि त्याचा 1कडे. समासातले क्रमांक तिथेच उलटवले नाहीत, तर पुढच्या ओळीला पडद्यावर तिचा चेहरा हवा असताना तिच्या मानेमागचे केस दिसतात. शिवाय ओलांडण्याची ती हालचाल कुणीतरी दाखवायला हवी, नाही तर दोघांनी जागा कधी बदलल्या ते प्रेक्षकाला कळतच नाही. ते काम मधल्या 2चे.

आणखी एक गाठ इथेच बसते. पत्र टेबलावर पडते त्याचा क्लोज-अप 2कडेच असेल, तर त्या क्लोज-अपनंतर 2ला चौकट रुंद करून, फोकस लावून, ओलांडण्याच्या शॉटला तयार व्हायला तीन-चार सेकंद लागतात. म्हणून मध्ये 1 आणि 3चे एक-दोन कट घातलेच पाहिजेत. नवशिक्या दिग्दर्शकाची सर्वांत नेहमीची चूक ही. एकाच कॅमेऱ्याचे दोन वेगळे शॉट तो लागोपाठ लिहून ठेवतो. कागदावर ते सुंदर दिसतात आणि स्टुडिओत पडद्यावर धूसर, हलणारी चौकट येते. दुसरी चूक केबलची. प्रत्येक कॅमेऱ्यामागे जाडजूड केबल असते. कॅमेरा 1 हा 2च्या पलीकडे उजवीकडे पाठवला की केबली एकमेकांवर चढतात आणि पुढच्या प्रसंगासाठी शेजारच्या सेटवर जायला कॅमेरा मोकळाच होत नाही. हे टाळायला दिग्दर्शक एका प्रसंगाचा नकाशा काढताना पुढच्या सेटचाही विचार करतो.

मालिका पाहणाऱ्यांना एक दृश्य पाठ असते: दोन माणसे भांडतात आणि एक जण दुसऱ्याकडे पाठ करून, आपल्याकडे तोंड करून बोलू लागतो. याची पुष्कळ थट्टा होते. खऱ्या आयुष्यात असे कुणी बोलत नाही, हेही खरे. पण त्या एका मांडणीत दोन्ही चेहरे एकाच कॅमेऱ्यात, एकाच चौकटीत मिळतात. बोलणाऱ्याचे डोळे आणि ऐकणाऱ्याची प्रतिक्रिया एकदम दिसते, कट लागत नाही आणि बाकीचे दोन कॅमेरे पुढच्या जागी जायला मोकळे होतात. मालिकेतली माणसे भिंतीला टेकून उभी का राहत नाहीत, सोफा खोलीच्या मधोमध का असतो, याचेही असेच कारण आहे. आवाज वरून, लांब दांडीच्या बूमवर टांगलेल्या माइकने घेतला जातो. मुख्य दिव्याच्या वाटेत तो बूम आला की सावली मागे पडते. नट भिंतीपासून पाच-सहा फूट पुढे असला, तर ती सावली चौकटीबाहेर जमिनीवर जाते. भिंतीलगत असला, तर थेट त्याच्या कानाशेजारी दिसते. रुंद शॉट आला की बूम वर उचलावा लागतो, त्यामुळे आवाज पातळ होतो. म्हणून कुजबुजीचे संवाद रुंद शॉटमध्ये ठेवायचे नाहीत, हेही कागदावरच ठरते.

कंट्रोल रूममध्ये, म्हणजे तिन्ही कॅमेऱ्यांची चित्रे एकदम दिसतात त्या खोलीत, दिग्दर्शकाच्या एका बाजूला सहदिग्दर्शक आणि दुसऱ्या बाजूला कॅमेरे बदलणारा तंत्रज्ञ बसतो. आपल्याकडे त्याला व्हिजन मिक्सर म्हणतात, तिकडे टेक्निकल डायरेक्टर. मागे हातात घड्याळ घेतलेली निर्मिती सहायक असते. सहदिग्दर्शक येणारा शॉट आधी वाचतो: चव्वेचाळीस, कॅमेरा दोन, पत्र. दिग्दर्शक फक्त ‘टेक’ म्हणतो किंवा चुटकी वाजवतो. नजर संहितेवर ठेवून ही चुटकी वाजत नाही. मान खाली गेली की कट अर्धा सेकंद उशिरा पडतो. चांगला कट ओळ संपल्यावर पडत नाही, ओळीचा घाव ऐकणाऱ्याला लागतो त्या शब्दावर पडतो, आणि तो शब्द बहुतेकदा वाक्याच्या शेवटच्या शब्दाच्या आधीच येऊन गेलेला असतो. हे केवळ कानाने कळते. त्यासाठी संहिता जवळपास पाठ लागते.

नट जमिनीवर त्याच्यासाठी केलेल्या खुणेच्या अर्धा फूट अलीकडे थांबला तर? मागच्या माणसाचा चेहरा झाकला जातो. कॅमेरामन काही इंच सरकून वाट काढू शकतो, पण तेवढ्याने दिव्याची मांडणी किंवा पुढची चौकट बिघडू शकते. अनुभवी नटांना एक साधा नियम माहीत असतो: मला भिंग दिसत नसेल, तर भिंगालाही मी दिसत नाही. ते दुसऱ्या पायावर भार टाकून स्वतःच मोकळे होतात. नवा नट असेल, तर दिग्दर्शक त्याच्यासाठी खूण बदलत नाही. तो खुणेपाशी एखादी खुर्ची ठेवतो, तिच्या पाठीवर हात ठेवायला सांगतो, आणि माणूस आपोआप योग्य जागी थांबतो. असली छोटी युक्ती सुचणे हाही दिग्दर्शनाचाच भाग.

प्रसंगाच्या शेवटी चेहऱ्यावर रेंगाळणारा तो लांब शॉट, ज्याला तिकडे ‘टॅग’ म्हणतात, त्याचा उपयोग भावनेइतकाच घड्याळालाही आहे. भाग वीस सेकंद कमी पडत असेल, तर चार टॅग पाच-पाच सेकंदांनी लांबवता येतात. जास्त झाला असेल, तर तिथेच कापता येतो. संवाद छाटण्यापेक्षा हे बरे, कारण छाटलेल्या ओळीत पुढच्या महिन्याच्या कथेचा धागा असू शकतो आणि तो आजच्या दिग्दर्शकाला माहीत असेलच असे नाही.

हे सगळे शिस्तीचे वळण थेट प्रक्षेपणाच्या काळात पडले. ‘सर्च फॉर टुमॉरो’ आणि ‘लव्ह ऑफ लाइफ’ या 1951च्या मालिका पंधरा मिनिटांच्या होत्या. अर्ध्या तासाच्या पहिल्या दोन, ‘अ‍ॅज द वर्ल्ड टर्न्स’ आणि ‘द एज ऑफ नाइट’, 2 एप्रिल 1956 रोजी एकाच दिवशी सुरू झाल्या आणि 1975पर्यंत थेट सादर होत राहिल्या. 22 नोव्हेंबर 1963 रोजी ‘अ‍ॅज द वर्ल्ड टर्न्स’ चालू असतानाच अध्यक्ष केनेडींवर गोळीबार झाल्याची बातमी वृत्तनिवेदक वॉल्टर क्रॉन्काइट यांच्या आवाजात मध्ये आली. नटांना काही कल्पना नव्हती, स्टुडिओत प्रसंग चालूच होते. चालू गाडी थांबवायची नाही, ही त्या स्टुडिओची सवय किती खोलवर होती, ते यावरून दिसते.

चित्रमुद्रणाची टेप आली म्हणून लगेच काही सुटका झाली नाही. दोन इंची टेप महाग होती, ती पुसून पुन्हा वापरत आणि तिचे संकलन म्हणजे प्रत्यक्ष कापून चिकटवणे. त्यामुळे दिवा पडला किंवा कॅमेरा बंद पडला तरच थांबायचे, नटाची ओळ चुकली म्हणून नाही. 1966 ते 1971 चाललेल्या ‘डार्क शॅडोज’मध्ये चौकटीत डोकावणारे माइक आणि हलणाऱ्या भिंती दिसतात, त्याचे कारण निष्काळजीपणा नसून हे गणित आहे. त्या मालिकेचे 1225 भाग झाले आणि बहुतेक मालिकांचे जुने भाग पुसले गेले असताना हिचे जवळपास सगळे टिकले. त्यातले कितीतरी भाग लीला स्विफ्ट यांनी दिग्दर्शित केले. अमेरिकी दूरचित्रवाणीवर दिग्दर्शन करणाऱ्या पहिल्या मोजक्या स्त्रियांपैकी त्या एक. पुढे ‘रायन्स होप’ या मालिकेसाठी त्यांना एमी, म्हणजे अमेरिकी दूरचित्रवाणीचे पुरस्कार, मिळाले. त्यांच्या भागांत तळघरातला एक मेणबत्तीच्या उजेडातला प्रसंग आणि लगेच पुढे दिवाणखान्यातला प्रसंग, दोन्ही त्याच तीन कॅमेऱ्यांवर, मध्ये न थांबता कसे बसवले आहेत, ते आजच्या विद्यार्थ्याने कागद-पेन्सिल घेऊन पाहावे. कॅमेरे केव्हा निघाले असतील ते मोजता येते.

6 जानेवारी 1975 रोजी ‘अनदर वर्ल्ड’ तासाभराची झाली आणि बाकीच्या मालिका मागोमाग आल्या. पाने दुप्पट झाली, दिवस दुप्पट झाला नाही. आळीपाळीची पद्धत त्यातून घट्ट झाली. 1978मध्ये ‘जनरल हॉस्पिटल’ची सूत्रे ग्लोरिया माँटी यांच्याकडे आली. त्या निर्मात्या म्हणून ओळखल्या जातात, पण मुळात त्या ‘द सीक्रेट स्टॉर्म’च्या दिग्दर्शिका. त्यांनी लांबलचक प्रसंग तोडून छोटे केले, चाल वाढवली. 1981च्या नोव्हेंबरमध्ये त्या मालिकेतल्या ल्यूक आणि लॉरा यांच्या लग्नाचा भाग सुमारे तीन कोटी लोकांनी पाहिला. कथेचे श्रेय लेखकांना जाते आणि जावे. पण छोट्या प्रसंगांची ती चाल कंट्रोल रूमच्या खुर्चीत बसलेल्या माणसालाच सुचू शकते, असे आमचे ठाम मत आहे.

आता कारकिर्दीबद्दल. या खुर्चीपर्यंत पोहोचण्याचा नेहमीचा मार्ग म्हणजे स्टुडिओच्या जमिनीवरून: आधी निर्मिती सहायक किंवा स्टेज मॅनेजर, मग सहदिग्दर्शक आणि बऱ्याच वर्षांनी एक चाचणीचा भाग. काही जण रंगभूमीवरून येतात, काही त्याच मालिकेतले नट असतात. नाटकवाल्याला नट सांभाळता येतो, पण तीन चौकटी एकदम पाहायला वेळ लागतो. सहदिग्दर्शकाचे उलटे. त्याला आकडे पाठ असतात, पण रडायच्या प्रसंगाआधी नटाशी काय बोलावे ते ठाऊक नसते. आणि इथे बहुतेक वेळा काहीच न बोलणे बरे असते. तालमीत अश्रू संपले की टेपवर कोरडे डोळे येतात. जाणता दिग्दर्शक अशा प्रसंगाची फक्त हालचालींची तालीम घेतो.

चाचणीचा भाग निभावला की पुढे वर्षानुवर्षांची नोकरी, असे नाही. करार थोड्या-थोड्या आठवड्यांचे असतात. निर्माता बदलला की दिग्दर्शकांची फळी बदलू शकते. तरीही काहींनी यात आयुष्य काढले. लॅरी ऑरबाख यांनी ‘लव्ह ऑफ लाइफ’ 1951पासून 1980मध्ये बंद पडेपर्यंत दिग्दर्शित केली. डेव्हिड प्रेसमन यांना 1950च्या दशकात कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून केलेल्या काळ्या यादीमुळे काम मिळेनासे झाले होते. पुढे ‘वन लाइफ टू लिव्ह’चे दिग्दर्शन त्यांनी जवळपास तीन दशके केले आणि त्यासाठी एमी मिळवली. दुपारच्या कार्यक्रमांचा स्वतंत्र एमी सोहळा 1974पासून होतो, आणि मालिकेच्या दिग्दर्शनाचा पुरस्कार तिथे पुढे एकट्या माणसाऐवजी सगळ्या चमूला मिळू लागला. हे आम्हाला योग्य वाटते.

लेखात एक गोष्ट राहून गेली आहे आणि ती आजच्या घडीला सर्वांत महत्त्वाची आहे. खर्च कमी करण्यासाठी तालमी गेल्या. सकाळी कोरडी तालीम, मग कॅमेऱ्यांसह, मग वेशभूषेसह, मग टेप, ही जुनी उतरंड संपली. आता प्रसंग एकदा उभा करून पाहायचा आणि लगेच घ्यायचा. एका दिवसात दोन-तीन वेगवेगळ्या भागांतले प्रसंग सेटनुसार एकत्र घेतले जातात, कारण सेट उभारणे आणि पाडणे महाग पडते. म्हणजे नट सकाळी घटस्फोटानंतरचा प्रसंग करतो आणि दुपारी त्याच्या आधीचा. तो कुठे आहे, त्याला काय कळले आहे आणि काय नाही, हे सांगणारा माणूस दिग्दर्शकच. संकलनात दुरुस्ती करता येते, हे खरे. पण कागदावर ज्याचा विचार झाला नाही, तो चेहरा कोणत्याच कॅमेऱ्याने घेतलेला नसतो आणि मग संकलकाकडे जोडायला काही उरत नाही.

‘गाइडिंग लाइट’ने 29 फेब्रुवारी 2008पासून स्टुडिओतले मोठे कॅमेरे सोडून हातात धरायचे डिजिटल कॅमेरे घेतले आणि न्यू जर्सीतल्या पीपॅक गावात खऱ्या घरांत, रस्त्यांवर चित्रण सुरू केले. त्यात कंट्रोल रूममधला जागच्या जागी पडणारा कट गेला. तीन चौकटी एकदम पाहण्याची जी कसोटी होती, तिच्याऐवजी एका वेळी एक-दोन कॅमेरे हाताळण्याची वेगळी कसोटी आली. 1937मध्ये रेडिओवर सुरू झालेली ती मालिका 18 सप्टेंबर 2009 रोजी बंद झाली. पाठोपाठ ‘अ‍ॅज द वर्ल्ड टर्न्स’ 2010मध्ये, ‘ऑल माय चिल्ड्रन’ 2011मध्ये आणि ‘वन लाइफ टू लिव्ह’ जानेवारी 2012मध्ये वाहिनीवरून गेल्या. ‘डेज ऑफ अवर लाइव्ह्ज’ 2022मध्ये वाहिनी सोडून इंटरनेटवर गेली. 24 फेब्रुवारी 2025 रोजी ‘बियाँड द गेट्स’ सुरू झाली, तेव्हा 1999नंतर प्रथमच तिथल्या मोठ्या वाहिनीवर दुपारची नवी मालिका आली होती.

प्रत्येक बंद पडलेल्या मालिकेबरोबर चार-पाच दिग्दर्शकांच्या जागा गेल्या, ही गोष्ट सहज दिसते. तेवढ्याच सहदिग्दर्शकांच्या आणि स्टेज मॅनेजरांच्या जागाही गेल्या, हे कुणी मोजत नाही. पुढचा दिग्दर्शक त्याच जागांवरून येत होता. कट कुठे पडावा हे कान पुस्तकातून शिकत नाही. दुसऱ्याच्या शेजारी बसून हजारो शॉट मोठ्याने वाचताना तो तयार होतो, आणि वाचायला स्टुडिओच उरला नाही, तर तो तयार कुठे होणार, हा तिथल्या जाणत्यांपुढचा खरा प्रश्न आहे.

‘लव्ह ऑफ लाइफ’चा शेवटचा भाग 1 फेब्रुवारी 1980 रोजी दाखवला गेला. त्याच्या अखेरीस लॅरी ऑरबाख रिकाम्या स्टुडिओतून, सेटच्या मधून चालत जाताना दिसतात. लेखमालेचा पुढचा भाग याच मालिकांच्या ‘पडद्यामागच्या माणसांवर’ येणार असल्याचे आपण जाहीर केले आहे. त्यात छापण्यासाठी छायाचित्र शोधत असाल, तर त्या दृश्याचे शोधावे. आणि जिथे मालिकेचे नाव छापाल, तिथे त्या भागाच्या दिग्दर्शकाचे नावही छापावे. ते प्रत्येक भागाच्या श्रेयनामावलीत असते.

आपले,
बहुकॅमेरा दिग्दर्शन शिकवणारे दोन वाचक